आप्पांनी मला सांगितलेली एकच गोष्ट

कळवा,
रविवार, १२ ऑक्टोबर २०२५

प्रिय सूरज,

अनेक आशीर्वाद. आम्ही दोघी बऱ्या आहोत. आईचा गुडघा जिन्यापुरता कुरकुरतो, एरवी तोंड चालू असतं, म्हणजे प्रकृती ठीक समजायची. तुमच्या टिटवाळ्याच्या इमारतीतली लिफ्ट अखेर सुरू झाली, असं योगिनीने सांगितलं. बरं झालं.

पोस्टाने पत्र आलेलं बघून तुला वाटेल, ताईचा फोन बिघडला की डोकं. पण फोनवर तू तिसऱ्या वाक्याला "बरं, ठेवतो" म्हणतोस आणि मला सुटल्यासारखं वाटतं. या वेळी मला सुटायचं नाहीये.

योगिनीचा फोन गेल्या आठवड्यात आला होता. सान्वी शाळेत बुद्धिबळात दुसरी आली, पुढच्या स्पर्धेचा फॉर्म घेऊन आली आणि तू तो फाडलास. पट माळ्यावर टाकलास. पोरगी रडायला लागली तेव्हा म्हणालास, "या खेळापायी मी माझ्या बापाचं शेवटचं तोंड बघू शकलो नाही." योगिनीला वाटतं, मी तुला समजावेन. ती मला चांगली नणंद समजते बिचारी.

तुला काय समजावू? मला फक्त सांगायचंय. पण सांगायला बसले की भलतंच काहीतरी आठवत राहतं. म्हणून आधी तेच लिहिते.

परवा मी आप्पांची वही काढली. निळ्या पुठ्ठ्याची. एसटीच्या खोपट डेपोत ड्युटी संपली की ते विश्रांतीच्या खोलीत काळुराम ड्रायव्हरबरोबर डाव मांडायचे, आणि हरून आले की घरी बसून कुणातरी मोठ्या खेळाडूची हकीकत वहीत उतरवायचे. जन्मभर तिकिटं फाडलेल्या माणसाचं अक्षर किती सुबक होतं रे. ताल नावाच्या जगज्जेत्याच्या उजव्या हाताला तीनच बोटं, तरी तो पियानो वाजवायचा. स्मिस्लोव्हला गवई व्हायचं होतं, मॉस्कोच्या मोठ्या नाट्यगृहाने घेतलं नाही, पुढे तो जगज्जेता झाला. आपल्या पंजाबचा सुलतान खान विलायतेत जाऊन तिथलं अजिंक्यपद तीनदा जिंकला आणि परत येऊन शेती करत राहिला. त्या पानावर आप्पांनी लाल शाईने लिहिलंय, 'सूरजला सांगणे'.

सगळं सूरजलाच सांगणे असायचं. जेवताना तुझी परीक्षा चालायची. "बाप खेळत असताना बघून बघून चार वर्षांचा कोण शिकला?" तू भात चिवडत म्हणायचास, "कापाब्लांका." मी पोळ्या लाटत असायचे. मला सगळी उत्तरं यायची, सूरज. तुझ्याआधी यायची. एकदा मी ओट्याजवळून मोठ्याने उत्तर दिलं, तर आप्पा म्हणाले, "अगं, त्याला सांगू दे." एवढंच. रागावलेसुद्धा नाहीत. पण ते माझ्या मनातून कधी गेलं नाही.

आता त्या रविवारचं लिहिते.

तू सकाळी डोंबिवलीला गेलास. जिल्हा निवड स्पर्धेच्या शेवटच्या दोन फेऱ्या. अकराला आप्पांच्या छातीत दुखायला लागलं. शेजारच्या कमलेशने रिक्षा आणली, आम्ही ठाण्याला हॉस्पिटलात नेलं. दुपारी आई कपडे आणि कागदपत्रं आणायला घरी गेली आणि मी एकटी त्यांच्याजवळ बसले. दोनला डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, "घरच्यांना बोलावून घ्या."

मी फोन हातात घेतला तेव्हा आप्पा म्हणाले, "त्याला करू नकोस हां. शेवटची फेरी सुरू झाली असेल. अर्धा गुण मिळाला तरी राज्य स्पर्धेला जाईल." मग त्यांनी तो पोनोमारियोव्हचा किस्सा काढला, वाढदिवसाच्या दिवशीच डाव चालू असताना फोन वाजला म्हणून हरलेला. मला म्हणाले, "फोन वाजला की डाव गेला. नियमच आहे तो."

इथपर्यंत वाचून तुला वाटेल, आप्पांनीच नको म्हटलं, मग ताईचा काय दोष. मीही सात वर्षं स्वतःला हेच सांगितलं.

पण मग ते बोलत राहिले. माझ्याशी. नायडॉर्फ म्हणून पोलंडचा एक खेळाडू होता. स्पर्धेसाठी अर्जेंटिनाला गेला आणि इकडे महायुद्ध पेटलं. परतता येईना, घरच्यांचा पत्ता लागेना. तेव्हा त्याने पटांकडे न बघता एका वेळी चाळीस जणांशी डाव खेळायचं ठरवलं. एवढा मोठा विक्रम झाला की जगभरच्या पेपरांत छापून येईल, घरचं कुणीतरी वाचेल आणि आपण जिवंत आहोत हे त्यांना कळेल, म्हणून. मी विचारलं, "मग वाचलं का कुणी?" आप्पा म्हणाले, "त्याची बायको, पोर, आईबाप, भाऊ, सगळे मारले गेले होते."

माझ्या चाळीस वर्षांच्या आयुष्यात त्यांनी मला सांगितलेली ही एकच गोष्ट. मधे कुणी नव्हतं. मी प्रश्न विचारत होते आणि ते उत्तर देत होते.

तीनच्या सुमाराला त्यांनी विचारलं, "सूरज आला का?"

तुझा फोन बंद असणार हे मला माहीत होतं. पण तुझा फॉर्म मीच भरला होता ना, आयोजकांचा नंबर माझ्या मोबाईलमध्ये होता. एक फोन केला असता तर त्यांनी पटावरून उठवून तुला सांगितलं असतं. डोंबिवलीहून ठाणं किती लांब आहे? चारच्या आत पोहोचला असतास. मी म्हटलं, "निघालाय." आणि पुन्हा विचारलं, "आप्पा, त्या नायडॉर्फचं पुढे काय झालं?"

मला ती दुपार माझ्या एकटीची हवी होती. याहून चांगलं कारण मी खूप शोधलं, सापडत नाही.

पुढे ते फारसं बोलले नाहीत. साडेतीनला पुन्हा विचारलं, मी पुन्हा तेच सांगितलं. मग आप्पा दाराकडे बघत राहिले आणि मी आप्पांकडे.

आई चारला आली. आल्या आल्या म्हणाली, "सूरजला कळवलंस ना?" माझ्या तोंडून निघून गेलं, "दहा वेळा लावला गं, बंदच येतोय." पावणेपाचला आप्पा गेले. सव्वापाचला तुझा फोन आला, "ताई, बरोबरी झाली, मी जाणार राज्य स्पर्धेला."

ते दहा फोन आईने तेराव्याला सगळ्या नातेवाइकांना सांगितले. तू मान खाली घालून म्हणालास, "चुकलं माझं." राज्य स्पर्धेला गेला नाहीस. तेव्हापासून तू फोन कधी बंद करत नाहीस, झोपतानाही उशाशी घेतोस, हे योगिनीने सांगितलंय मला. भाऊबीजेला येतोस तेव्हाही आवाज मोठा करून ताटाशेजारी ठेवतोस, आणि आई वाढता वाढता म्हणते, "आज चालू आहे ना रे?" आणि मी तिथेच बसून जेवते.

त्या दिवशी फोन पुन्हा चालू केल्यावर मोबाईल कंपनीकडून मिस्ड कॉलचा एकही मेसेज आला नाही, हे तुझ्या कधी लक्षात आलं का? की येऊनही तू बोलला नाहीस? मला विचारायची हिंमत झाली नाही.

काल मी आईला सगळं सांगितलं. ती बराच वेळ पदराचं टोक बोटाला गुंडाळत बसली. मग म्हणाली, "सात वर्षं पोराला जेवणाच्या ताटावर टोचून बोलले मी. ते आता कसं परत घेऊ, सांग." आज सकाळी तिने स्वतःपुरताच चहा केला.

पुढच्या महिन्यात आप्पांच्या वर्षश्राद्धाला तेराव्याची सगळी माणसं येतील. त्या सगळ्यांना मी उभी राहून हे सांगणार आहे. तू असलास तर तुझ्यासमोर, नसलास तरीही. भाऊबीजेला ये असं म्हणायचा हक्क मला उरलेला नाही. आईला भेटायला मात्र ये. त्या दिवशी मी कामाला जाईन, घरात नसेन.

माझी शिक्षा सान्वीला देऊ नकोस. पट खाली काढ. तुझ्याकडून काहीच चुकलं नव्हतं, सूरज. तू फक्त खेळायला गेला होतास. त्या दिवशी तुला कुणीही फोन केला नव्हता.

खाली 'तुझी ताई' लिहिणार होते, हात धजला नाही.

कल्पिता