टोपड्यातली रेघ

३ फेब्रुवारी, मंगळवार

टोपडं आज कपाटावरून खाली काढलं. एकदाचं!

लेक किती दिवस मागे लागली होती. 'आई, चार्ज कर, डोक्याला लाव, रविवारी आपण दोघी खेळू. बाबा खेळायचे तसं.' मी आज करते, उद्या करते म्हणत राहिले. आज स्टुलावर चढले. वर धुळीचा थर.

तिनेच पाठवलं होतं ते, ह्यांनी शिलाईचं दुकान बंद केलं तेव्हा. डॉक्टर म्हणाले होते, हालचाल ठेवा. पण जन्मभर मशीनवर बसलेला माणूस, रस्त्याने उगाच चालत सुटायचं म्हणजे ह्यांना वेडेपणा वाटे. मग हे आलं. डोळ्यांवर बांधायचं, दोन हातांत दोन मुठी धरायच्या, की समोर टेबल-टेनिसचं टेबल. पलीकडे लेक, तिच्या शहरातून! त्या यंत्राचं खरं नाव लांबलचक आहे. पण शिंप्याने एकदा टोपडं म्हटलं की ते टोपडंच.

पट्ट्यात ह्यांचा एक पांढरा केस अडकलेला. काढला नाही.

वायर मशीनच्या खणात सापडली, रिळांच्या गुंत्यात. लावली, दिवा लागेना. काढून परत लावली, लागला. तेवढ्यात गॅस बंद आहे का बघायला तीनदा उठले. गॅस पेटवलाच नव्हता.

हे गेल्यापासून असंच चाललंय. एका जागी बूड टेकत नाही. पुस्तक घेते, पहिलं पान वाचते, उठते. परत येते, परत पहिलंच पान. वाचनालयातल्या बाई काल म्हणाल्या, 'काकू, तुम्ही पुस्तकं वाचायला नेता की फिरायला? खूण कायम पहिल्या पानावर!' तिथे हसले. घरी येईपर्यंत हसू संपलं होतं.

वाचणं ही माझी स्वतःची कमाई. शाळा नव्हती. दुकानात कपड्यांच्या मापाने कापून ठेवलेले जुन्या वर्तमानपत्रांचे कागद असायचे, त्यांवरून अक्षरं लावत शिकले. बाहीच्या आकाराची बातमी, नेमकी काखेत कापलेली! पुढे काय झालं म्हणून विचारलं की हे म्हणायचे, 'पुढचं कॉलरमध्ये असेल, बघ.' ती कमाईही गेली की काय आता? लेकीला हे सांगितलेलं नाही. ती म्हणेल, आई, माझ्याकडे येऊन राहा. ती तर गेल्या महिन्यापासून तेच म्हणतेय.

४ फेब्रुवारी, बुधवार

मुठींना सेल लागतात. उलटे घातले. मग सुलटे.

टोपडं चढवलं. आत आपलीच खोली दिसते, पण करडी, राखेतून बघितल्यासारखी. मग इंग्रजी अक्षरं आली. इंग्रजी मला एकेक अक्षर जोडून वाचावं लागतं. जोडलं. लिहिलं होतं — जुनी हद्द सापडली, तीच ठेवायची का?

लेकीला फोन केला. ती म्हणाली, 'अगं, खेळताना भिंतीवर आपटू नये म्हणून सुरुवातीला जमिनीवर रेघ काढून द्यावी लागते. मूठ फिरवायची, रेघ उमटते. बाबांनी काढलेली अजून त्याच्या लक्षात आहे.'

त्याच्या लक्षात आहे!

टोपडं काढलं आणि धुतलेली भांडी पुन्हा धुतली.

६ फेब्रुवारी, शुक्रवार

वन्सं आल्या. मी टोपडं घालून खोलीत चाचपडत होते, दार उघडंच. 'वहिनी! हे काय, टांग्याला जुंपताय की काय स्वतःला?' मग स्वतःच म्हणाल्या, बघू, मला घाला. घातलं. दोन मिनिटं 'अगंबाई, अगंबाई' चाललं, आणि मुठीचा असा फटका कपाटाला बसला की वरची दोन डबडी खाली. 'दादा ह्यात रोज घुसायचा? आणि तुम्ही काय करायचात?'

मी काय करणार? बाजूला खुर्चीत वाचत बसायची. पहिल्या दिवशी ह्यांनी चेंडू मारायला हात फिरवला तो थेट माझ्या चष्म्यावर. चष्मा पार पलंगाखाली. वर मलाच, 'अगं, तू मध्ये कुठून आलीस?' मी! माझ्याच घरात! दुसऱ्या दिवसापासून मात्र कधी लागलं नाही. म्हटलं, शिंप्याचा हात, बसला लगेच.

वन्संनी हे ऐकलं आणि डोळ्यांना पदर लावला. मग लगेच चिडल्या. 'बाहेरच्या खोलीत कपड्यांचा हा ढीग कसला? खुर्ची आहे का उकिरडा?' त्यांनीच तर नेली होती ती खुर्ची बाहेर, हे गेले तेव्हा, भेटायला येणाऱ्यांना बसायला. माणसं येऊन गेली, खुर्ची तिथेच राहिली. वर कपडे साठले. घडी घालायला बसावं लागतं. तेच तर होत नाही.

जाताना म्हणाल्या, 'लेकीकडे जा सरळ. इथे भुतासारख्या फिरताय.'

७ फेब्रुवारी, शनिवार

आज धीर करून 'ठेवायची' म्हणून दाबलं.

जमिनीवर निळी रेघ उजळली. ह्यांची. दाराशी सरळ, कपाटाशी सरळ, मशीनला वळसा. आणि खिडकीच्या कोपऱ्यात — तिथे ती भलतीच आत घुसलेली. मोकळ्या जागेत! शर्टाला बाहीसाठी मुंढा कापतात ना, तसा खोलीचा एक घास कापून काढलेला. तिकडे पाऊल टाकलं की लाल जाळी उभी राहते. मागे या!

टोपडं काढून बघितलं. कोपऱ्यात काही नाही. नुसती लादी, नुसतं ऊन.

मग कळलं. ह्यांचा हात. शेवटी शेवटी थरथरायचा. एका गिऱ्हाइकाने सगळ्यांदेखत पँटच्या दुमडीवरची शिवण दाखवली होती, 'मास्तर, ही वाट कुठे चालली?' ह्यांनी त्या महिन्यात दुकान बंद केलं. आयुष्यात कापडावर वाकडी रेघ न मारलेला माणूस, आणि त्याची शेवटची रेघ ही अशी.

कुणाला दिसायला नको.

८ फेब्रुवारी, रविवार

खेळले! लेक आत भेटली. नुसतं डोकं आणि दोन हात, धड नाही, पाय नाहीत. बघून मी किंचाळलेच. पण मान तिरकी करून ऐकायची सवय — तीच! बापाची. चेहरा कुणा बाहुलीचा, मान आमची.

मला एक चेंडू धड मारता येईना. कोपऱ्याकडे आला की जाळी उभी राहायची, मी मागे सरायची, चेंडू गेला. आधी ती खूप हसली. मग म्हणाली, 'बाबापण त्या कोपऱ्यातला चेंडू सोडूनच द्यायचे. कधीच मारला नाही. मी मुद्दाम तिकडे टाकायचे. मला वाटायचं, मला जिंकवतात.'

काय सांगू? की तुझ्या बापाचा हात हलला आणि तो आपल्याच चुकीच्या आत खेळत राहिला?

'आई, ती रेघ पुसून टाक ना. नवी काढ, दोन मिनिटांचं काम आहे. ऐकतेयस का?'

म्हटलं, पुढच्या रविवारपर्यंत पुसते.

'आणि इकडे यायचं काय ठरवलंस?'

म्हटलं, चेंडू टाक.

९ फेब्रुवारी, सोमवार

वाचन नाही. पलंग या भिंतीचा त्या भिंतीला नेला. आवडला नाही. परत आणला.

११ फेब्रुवारी, बुधवार

पुसायला गेले. यंत्र विचारतं, नक्की? मागे आणता येणार नाही. दाबलं नाही. बाहेर पडले, बाजारापर्यंत गेले, काही न घेता आले. खालच्या मजल्यावरचे काका म्हणाले, 'काय वहिनी, सकाळपासून तिसरी फेरी?' म्हटलं, डॉक्टरांनी सांगितलंय, हालचाल ठेवा. ह्यांनी ऐकलं असतं तर!

पुसलं तर त्यांच्या हातचं शेवटचं जातं. ठेवलं तर त्यांची फजिती राहते. असं दोन्हीकडून.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

ह्यांची एक शिस्त होती. जुना कपडा उसवायचा तर आधी त्याच्या मापाचा कागद काढून ठेवायचा. 'उसवल्यावर माप कुणाला विचारशील?' तेच आठवलं. म्हटलं, पुसण्याआधी आपल्यापुरता कागद काढू, लादीवरच. वाकडा तर वाकडा.

टोपडं घातलं, ह्यांचा खडू घेतला आणि रांगत रांगत निळ्या रेघेवरून लादीवर रेघ ओढत गेले. या वयात! गुडघे बोंबलले. जाळी डोळ्यांसमोर नाचत होती. वन्सं आल्या असत्या तर टांगाच जोडला असता. कोपरा नीट गिरवला, सावकाश, पुढे सरकत.

टोपडं काढलं. उभी राहिले. बघितलं.

माझा खडू जागोजागी हललाय. पण ती रेघ हललेली नव्हती! निळी रेघ मी इतक्या जवळून पाहिली — कुठे कंप नाही, कुठे शंका नाही. खिडकीकडून आत येते, गोल वळते, पुढे लांबते, परत वळते, भिंतीला मिळते. एका दमात काढलेली. हात थरथरत असेल त्या दिवशी, तर त्याला दुसऱ्या हाताने धरून काढली असेल. पण चुकलेली नाही. हे जाणून कापलंय.

मग हे माप कशाचं?

मागे अरुंद, पुढे लांब. ह्या आकाराचं कपड्यातलं काहीच मला माहीत नाही. टोपड्यातली रेघ पुसली नाही. लादीवरचा खडूही पुसला नाही. आज कोपऱ्याभोवती फेऱ्या मारल्या सगळा दिवस.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

लेकीचा फोन. तिच्याकडची एक खोली रंगवून घेतेय, माझ्यासाठी. 'कुठला रंग?' म्हटलं, सांगते.

१५ फेब्रुवारी, रविवार

खोलीचा रंग सांगायचा तर सामान काय न्यायचं ते बघावं, म्हणून सकाळी बाहेरचा कपड्यांचा ढीग उपसला. खाली माझी खुर्ची निघाली. ओढत आत आणली आणि ठेवली — हात आपोआप तिच्या जुन्या जागी, कोपऱ्यातच घेऊन गेले.

चारही पाय खडूच्या आत. मागे बोटभर मोकळं, दोन्ही बाजूंना बोटभर. पुढे मात्र हातभर जागा उरली. बसले. पाय लांब केले. टाचा रेघेच्या अलीकडे टेकल्या.

किती वेळ तशीच बसले. मग हाताशी पुस्तक होतं ते घेतलं. फोन वाजला तेव्हा वर बघितलं, तर ऊन खुर्चीवरून उठून भिंतीवर गेलं होतं.

'आई, तयार आहेस ना? पुसलीस का ती रेघ?'

'नाही पुसली. त्या कोपऱ्यातला चेंडू मीही सोडणार आहे.'