समृद्धीच्या पाहुण्यांचे चीज पफ

अहो,
ओवीचा ताप एकशे दोनवर गेलाय. मी तिला घेऊन मंचरला डॉक्टरांकडे चाललेय. "पावणं जाईस्तोवर थांब, पोरांना ताप येतोच," असं सकाळी म्हणालात, ते मी लवकर विसरायची नाही.

पफ भरून ठेवलेत. पोर मांडीवर, एका हातानं दुमडलेत, म्हणून वाकडे दिसतील. समृद्धीला बघायला येणारे पाहुणे दारात आले की ओव्हनमध्ये वीस मिनिटं ठेवा. गरमच द्या, गार झाले की चीज रबरासारखं लागतं.

आणि "आमच्या समृद्धीनंच केलेत," असं आईंनी सांगायचं ठरवलंय, ते होऊ देऊ नका. माझ्या बघण्याच्या कार्यक्रमात माझ्या वहिनीच्या करंज्या मी केल्या म्हणून वाढल्या होत्या. पहिल्या दिवाळीला माझ्या करंज्या फसल्या, तेव्हा तुमच्याच घरानं त्यावरून मला किती बोलून घेतलं! तुमच्या बहिणीला चहा झकास जमतो, तेवढंच सांगा.

ओवी गुंगीत तुम्हालाच हाक मारतेय.

समृद्धीची वहिनी कुठंय, असं पाहुण्यांनी विचारलं तर लेकीला दवाखान्यात घेऊन गेली म्हणा. मग तुम्ही इथं कसे, असं कुणी विचारलंच, तर त्याचं उत्तर तुमचं तुम्ही द्या.

उज्ज्वला