मथळ्यात तसं नव्हतं, रामिरो

प्रिय रामिरो,

तू गेल्याचं मला मंगळवारी कळलं. तोवर तीन आठवडे उलटून गेले होते. दाऊदभाईंच्या मोबाइलवर तुझ्या मुलीचा, लुसियाचा, मेसेज आला. फोनमधूनच भाषांतर करून पाठवलेलं ते इंग्रजी दाऊदभाईंना लागेना, म्हणून त्यांनी मला राजिवड्यातल्या घरी बोलावून घेतलं. त्यांच्या पडवीत बसून मी तो मेसेज दोनदा वाचला. बाबा झोपेत गेले, हृदयाने साथ सोडली, त्यांच्या जुन्या वहीत हा नंबर होता, असं तिने लिहिलं होतं. खाली एक विनंती होती.

ती विनंती नसती तर मी तुझ्यावर चारशे शब्द लिहिले असते. तासाभरात लिहून झाले असते, आणि चांगले झाले असते. माणूस गेला की वेळेत मजकूर द्यायचा, ही सवय चाळीस वर्षांची आहे. पण तुझ्याबाबतीत चारशे शब्दांत सुटण्यासारखं नाही. म्हणून थेट तुलाच लिहितो आहे.

तुझ्या गावच्या क्लबने तुझ्यासाठी काचेचं कपाट करायचं ठरवलंय, हे तुला आवडलं असतं. त्यात तुझा नऊ नंबरचा शर्ट असेल, दोन फोटो असतील आणि एक मराठी कात्रण. लुसिया लिहिते, 'बाबा सगळ्यांना हे कात्रण दाखवायचे. माझ्या शेवटच्या सामन्यावर भारतातल्या एका पत्रकाराने लिहिलंय, मी अखेरपर्यंत लढलो असं त्यात म्हटलंय, असं सांगायचे. त्याच्या शेजारी स्पॅनिश भाषांतर लावायचं आहे. ते पत्रकार अजून आहेत का? ते मदत करतील का?'

ते पत्रकार आहेत. गुडघे धरून जिना चढतात, रविवारी एक सदर लिहितात. आणि मंगळवारपासून त्यांना धड जेवण जात नाही.

कारण त्या कात्रणात तू अखेरपर्यंत लढलास असं कुठेही लिहिलेलं नाही. लुसियाने फोटो पाठवलाय. कागद पिवळा पडलाय, घडीवर चिरलाय, पण माझा मथळा लख्ख वाचता येतो: 'नाड्याने घात केला'.

रामिरो, तुला हे कळलं होतं का?

तू आमच्याकडे आलास ते दाऊदभाईंमुळे. जहाजावर बोसन, म्हणजे खलाशांचा मुकादम, म्हणून त्यांनी जग पाहिलेलं, तुमच्या देशाच्या बंदरातही चार वेळा उतरलेले. निवृत्त झाल्यावर ते इथली मे महिन्यातली फुटबॉल स्पर्धा भरवायचे. आमच्या जिल्ह्यात क्रिकेटच्या स्पर्धेला वाडीवाडीतून टेम्पो भरून माणसं येतात, फुटबॉलला मात्र बोलवावी लागतात. म्हणून दाऊदभाईंनी गोव्यातल्या ओळखीने तुला आमच्या गावच्या संघात आणलं. तू तिथल्या एका क्लबकडून दोन हंगाम खेळला होतास. वय तेहतीस, फॉरवर्ड, अर्जेंटिनाचा. ते शेवटचं पोस्टरवर सगळ्यात मोठ्या अक्षरात होतं.

मैदान पाहून तू विचारलंस, 'गवत कुठे आहे?' दाऊदभाई म्हणाले, 'जूनमध्ये येतंय.' तू हसलास, खाली वाकलास आणि जांभ्याचा लाल भुगा बोटांनी चोळून पाहिलास. कातळ फोडून सपाट केलेलं ते मैदान. त्यावर आम्ही तुला बूट घालून पळायला लावलं, हे आता लिहितानाही बरं वाटत नाही.

अंतिम सामना होता. उत्तरार्धात तू पाठीवर एक बचावपटू घेऊन वळलास. पाय जमिनीत अडकला, अंग वळलं, गुडघा वळला नाही. तू पडलास. एक हात गुडघ्यावर, दुसरा हवेत हलवत तू पंचांना ओरडून सांगत होतास, 'नादा, नादा.'

तू म्हणालास नादा. आम्ही ऐकलं नाडा.

पडताना तुझा शर्ट वर गेला होता, चड्डी थोडी खाली सरकली होती. लोकांना आणखी काय हवं होतं? लाऊडस्पीकरवर समालोचन करणाऱ्या गुरुजींनी अगदी शुद्ध भाषेत सांगितलं, 'पाहुण्यांचा नाडा तुटलेला आहे. कृपया कोणीतरी सुतळी द्यावी.' अख्खं मैदान हसलं. मीही हसलो, रामिरो, पेन खाली ठेवून हसलो. कोणीतरी खरंच सुतळीचा तुकडा फेकला. सगळे कमरेकडे खुणा करत होते, म्हणून तूही हसत उठलास आणि ती सुतळी कमरेला बांधलीस. पाहुणा माणूस, लोक हसतायत तर हसावं, असं तुला वाटलं असेल. आणि पुन्हा खेळायला लागलास.

शेवटच्या पाच मिनिटांत तुला हवा तसा चेंडू मिळाला. गोलकीपर पुढे आलेला, गोल मोकळा. तू डावा पाय रोवलास आणि खालीच बसलास. चेंडू घरंगळत बाहेर गेला. एक शून्यने आपण हरलो.

पावणेसातला मी बातमी फॅक्स केली. आमची पानं तेव्हा कोल्हापूरला लागायची आणि आठनंतर आलेला मजकूर दुसऱ्या दिवशी जायचा. परदेशी पाहुणा नाडा सांभाळण्याच्या नादात मोकळा गोल कसा हुकवतो, असं मी रंगवून लिहिलं. एका बैठकीत, एकही खाडाखोड न करता. लिहिताना स्वतःवर खूश होतो.

साडेसातला दाऊदभाई कार्यालयात आले. सामन्यात ते पलीकडच्या टोकाला बक्षिसांच्या टेबलाशी होते; लाऊडस्पीकरवरचं नाड्याचं त्यांनी ऐकलं होतं, पण तू काय ओरडलास ते त्यांच्यापर्यंत पोचलं नव्हतं.

'भाऊ, पोराचा गुडघा गेलाय. डॉक्टर बोलले, आतली दोरी तुटली. तुमी काय लिवलाव?'

मी सांगितलं. तुझं 'नाडा, नाडा' ओरडणंही सांगितलं.

'अवो, त्यांच्यात नादा म्हंजे काय नाय. काय नाय झालं, असा बोलत होता तो. गोव्याच्या क्लबचा करार पुढच्या महिन्यात व्हायचाय. दुखलं म्हनला असता तर कोन घेनार त्याला?'

घड्याळात साडेसात वाजले होते. फोन माझ्या हाताशी होता. अर्धा तास होता, कोल्हापूरला फोन करून मथळा थांबवायला दोन मिनिटं पुरली असती. मी म्हटलं, 'दाऊदभाई, पान लागलं असेल आता. उद्या बघू.'

पान लागलेलं नव्हतं. मला माहीत होतं. बातमी छान झाली होती, एवढंच.

दुसऱ्या दिवशी बाजारात, एसटी स्टँडवर, कोर्टाच्या आवारात लोक मला थांबवून हसत होते. संपादकांचा फोन आला, असं लिहीत जा म्हणाले. आणि तुला या गावाने नवं नाव दिलं. त्यानंतर पाच आठवडे तू दाऊदभाईंच्या घरी पाय वर करून पडून होतास आणि जेटीवरच्या मासेवाल्या बायकांपासून रिक्षावाल्यांपर्यंत सगळ्यांसाठी तू नाडाभाय होतास. प्रेमाने म्हणायचे, हे खरं. तूही हात वर करून ओ द्यायचास.

त्यातल्या दुसऱ्या आठवड्यात तू कार्यालयात आलास. एका हाताने दाऊदभाईंची छत्री काठीसारखी टेकत, दुसऱ्या हातात ते कात्रण. दाऊदभाई तुझ्यासोबत का आले नाहीत, हे मी तेव्हा स्वतःला विचारलं नाही. आज वाटतं, त्यांनी मला संधी दिली होती.

तुझ्या मोडक्या इंग्रजीत तू मथळ्यावर बोट ठेवून विचारलंस, 'इथे काय लिहिलंय?'

मी म्हटलं, 'जखमी फॉरवर्ड अखेरपर्यंत लढला.'

तू तीन शब्द बोटाने मोजलेस. म्हणालास, 'तुमची भाषा थोडक्यात फार बोलते.'

मी हसलो. मग तू तुझं नाव कुठे आहे ते विचारलंस. मी दाखवलं. तू त्या अक्षरांकडे बराच वेळ बघत राहिलास आणि कात्रण घडी घालून पाकिटात ठेवलंस. लुसियाला पाठवतो म्हणालास.

ती तेव्हा सात वर्षांची होती. तू घर सोडलंस तेव्हा दोन वर्षांची. हे तू मला नंतर पडवीत सांगितलंस, मी रोज संध्याकाळी येऊन बसायला लागलो तेव्हा. का यायचो मी? माफी मागायला, असं घरून निघताना ठरवायचो. तिथे आलो की रुकय्याभाभी चहा आणायच्या, तळलेला बांगडा आणायच्या, तू बोलायला लागायचास आणि मी ऐकत राहायचो. ऐकणं हे माझं कामच होतं, ते सोपं पडायचं.

तुझे वडील मांसाच्या कारखान्यात कामाला होते, शिफ्ट सुटली की रक्ताळलेले बूट तसेच घालून तुझा सामना बघायला यायचे. दुसऱ्या डिव्हिजनमधला तुझा पहिला गोल त्यांनी पाहिला नाही, कारण बाजूच्या माणसाने तेव्हाच त्यांना विडी पेटवायला काडी मागितली होती. विडी हा शब्द दाऊदभाईंचा, तू सिगारेट म्हणाला होतास. मग चिली, मग बोलिव्हिया, मग मलेशिया, मग गोवा. प्रत्येक ठिकाणी खोली, पलंग, टेलिफोन कार्ड. फॉरवर्डचं काम कसं असतं विचारल्यावर तू म्हणालास, 'नव्वद मिनिटं वाट बघायची. त्यात तीन सेकंद असे येतात की उशीर करून चालत नाही.'

मी ते वहीत लिहून घेतलं. उशिराचं कोणाला सांगतोयस, असं तेव्हा मनात आलं होतं.

दाऊदभाईंना तुझं आयुष्य माझ्यापेक्षा जास्त कळायचं. नऊ नऊ महिने बोटीवर राहून घरी आल्यावर त्यांचाच मुलगा त्यांना पाहुणा समजून आईच्या मागे लपायचा. तुम्ही दोघं पडवीत काही न बोलता बसायचात. पोरगी तुला ओळखेल का, असं तू एकदा त्यांना विचारलंस. ते म्हणाले, 'पयले दोन दिस नाय. मंग सोडनार नाय.'

गोव्याच्या क्लबला गुडघ्याचं कळलंच. करार झाला नाही. तू घरी गेलास, गावातल्या मुलांना शिकवायला लागलास, सकाळी पावाच्या बेकरीची गाडी चालवायचास. हे सगळं लुसियाच्या मेसेजमधून कळतं. ती लिहिते, तू परत आल्यापासून एकही रात्र घराबाहेर काढली नाहीस. दाऊदभाईंचं म्हणणं खरं ठरलं तर.

तू दरवर्षी ईदला त्यांना फोन करायचास आणि दर वेळी माझी चौकशी करायचास. म्हणजे तुला ठाऊक नव्हतं? की ठाऊक असूनही करायचास? पाच आठवडे ज्या गावाने तुला नाडाभाय म्हणून हाक मारली, त्या गावात तू एकालाही त्याचा अर्थ विचारला नसशील, हे मला पटत नाही. आणि विचारला असशील, तर ते कात्रण जन्मभर जपून का ठेवलंस? मी तोंडी जे सांगितलं तेच खरं धरायचं, असं ठरवलं होतंस का? तसं असेल तर तू मला वाचवलंस. पण त्याबद्दल आभार मानायला जीभ वळत नाही.

मंगळवारी मेसेज वाचून झाल्यावर मी दाऊदभाईंना म्हटलं, 'जे त्याला सांगितलं, तेच लिहून पाठवू का? त्या मुलीचं काय जातं? तिकडे मराठी कोण वाचणार आहे?'

दाऊदभाई म्हणाले, 'तशी तुमच्या बातमीनं त्याची एक सोयच झाली होती. दुखनं झाकलं गेलं चार दिस.' ते मला सोडवू बघत होते. माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठा माणूस, अजून माझी लाज राखतोय.

रुकय्याभाभी आत तांदूळ निवडत होत्या. तिथूनच म्हणाल्या, 'बापाला एकदा खोटं सांगितलाव. आता लेकीला पन सांगनार? ती तर काचेत लावून ठेवील.'

मी चप्पल घातली आणि घरी आलो.

तेव्हापासून दोन कागद तयार केलेत. एक त्या बातमीचं शब्दशः भाषांतर, इंग्रजीत. सुतळी, गुरुजींचं वाक्य, माझे सगळे विनोद, सगळं. दुसरी बातमी मी नव्याने लिहिली. त्या दिवशी साडेसात ते आठच्या दरम्यान लिहायला हवी होती ती. तिच्यात गुडघा आहे, जांभ्याचं मैदान आहे, दोरी तुटलेल्या पायावर तू शेवटपर्यंत कसा धावलास ते आहे. ती चांगली झालीये की नाही, ते मला सांगता येत नाही. खाडाखोड फार आहे.

या रविवारच्या सदरात ती जाईल. वर दुरुस्ती म्हणून चौकट असेल, पूर्वी आपल्या हातून चूक झाली तर पान दोनवर तळाला टाकायचो तसली, पण या वेळी वरच्या बाजूला. त्यात तुझं पूर्ण नाव असेल, रामिरो इबाल्दे, आणि चूक अनवधानाने झाली असं त्यात लिहिलेलं नसेल.

त्याआधी उद्या संध्याकाळी, तुमच्याकडे सकाळ असेल तेव्हा, लुसियाला व्हिडिओ फोन लावायचा आहे. इंग्रजी कळणारं कोणीतरी शेजारी बसव, असं तिला कळवलंय. कागद पाठवून मोकळं होता आलं असतं, पण तिने मला विचारलंय, तर तिच्याकडे बघूनच सांगायला हवं. त्यानंतर ते कात्रण कपाटात ठेवायचं की फाडून टाकायचं, ते ती ठरवील. ती मला काय म्हणेल, तेही ऐकून घेईन.

बाबांना हे माहीत होतं का, असं तिने विचारलं, तर मला माहीत नाही एवढंच सांगेन. तुझ्या वतीने काही रचून सांगणार नाही.

एवढा शब्द देतो: वाचायला सुरुवात मथळ्यापासून करीन.

तुझा,
अरविंद
त्या सामन्याचा वार्ताहर, रत्नागिरी