बेतानियाच्या मळ्याचे काय करायचे

मी, एलोईसा सुलुआगा, दिवंगत हेरार्दो एचेवेरी यांची पत्नी, वय वर्षे अठ्ठ्याहत्तर, राहणार सांता रुफीना, चर्चच्या चौकातले हिरव्या सज्ज्याचे घर, माझ्या पश्चात माझ्या मिळकतीचे काय व्हावे हे स्वखुशीने लिहून ठेवत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे, हे मी सांगून आमच्या घराण्यात कोणी मानणार नाही, म्हणून डॉक्टर बेर्नाल यांना समोर बसवून घेतले. त्यांनी मला वार विचारला, राष्ट्राध्यक्षांचे नाव विचारले आणि मग चष्मा पुसत म्हणाले, "ते सगळं ठीक, बाई. पण मळा मजुरांना का देताय?"

"डॉक्टर, दर रविवारी चर्चमध्ये जे म्हणत आले, ते मला खरं वाटतं."

"हे मी दाखल्यात लिहीत नाही," ते म्हणाले. "उगाच शंका घेतील." आणि त्यांनी सही केली. दाखला सोबत जोडला आहे.

मला मूलबाळ नाही. जवळचे नातलग दोन: धाकटा भाऊ लेओनीदास आणि त्याचा मुलगा ओक्तावियो. दोघांचे स्वतःचे मळे आहेत, तेव्हा माझ्या मरणाने कोणी उघड्यावर पडणार नाही.

राहते घर, भांडीकुंडी, कोंबड्या आणि अंगणातले लिंबाचे झाड माझी स्वयंपाकीण पास्तोरा हिला द्यावे. स्वयंपाकिणीला एवढ्या खोल्या कशाला, असे ओक्तावियो विचारील. त्याला सांगावे की त्या खोल्या आजवर तिनेच झाडल्या आहेत. ती वाट चुकणार नाही.

आता बेतानियाचा कॉफीचा मळा. तो कोणाला आणि का, हे नीट लिहिते, कारण पुढे वकील येतील.

तीन वर्षांपूर्वी आमच्या चर्चमध्ये फादर आन्सेल्मो आले. तरुण, काटकुळे, आवाज मात्र मोठा. आमच्याकडे पुढच्या बाकांवर घराण्यांच्या नावांच्या पितळी पट्ट्या आहेत. मळ्यातली माणसे मागे, उरलेली दाराशी उभी. ग्रामसंताच्या सणाला फादरनी उंट आणि सुईच्या नाकाचा उतारा वाचला, श्रीमंताने स्वर्गात जाण्यापेक्षा उंटाने सुईच्या नाकातून जाणे सोपे, हा; ग्रंथ मिटला आणि प्रवचन न करता एवढेच म्हणाले, "आज पुढच्या बाकांवर मळ्यातले लोक बसतील. पितळी पट्ट्यांची काही हरकत असेल, तर त्यांनी उठून सांगावं."

पट्ट्या उठल्या नाहीत. लेओनीदास उठला.

"फादर, ही बाकं माझ्या आजोबांनी दिलीत."

"कुणाला दिलीत?" फादरनी विचारले.

लेओनीदास परत आपल्या पट्टीपाशी बसला. मजूरही जागचे हलले नाहीत. सोमवारी कोणाच्या मळ्यात जायचे आहे, हे त्यांना ठाऊक होते. ईस्टरआधीचा उपासकाळ संपायच्या आत फादरांची बदली खाली नदीकाठच्या एका बंदरावर झाली. बिशपांच्या पत्रात तिला बढती म्हटले होते. तिथे डास तेवढे मुबलक आहेत. त्याच वर्षी लेओनीदासने चर्चला नवी घंटा दिली, वर स्वतःचे नाव कोरून, आणि त्याच हंगामात कॉफी तोडणाऱ्यांची टोपलीमागची मजुरी कमी केली. घंटेचा आवाज छान आहे, हे मी नाकारत नाही.

मला फार राग आला. मी आमचा पहिला बाक सोडला आणि शेवटच्या बाकावर, मजुरांमध्ये जाऊन बसू लागले. गाव कुजबुजले. माझी मीच मला संतीण वाटू लागले. काही रविवार असे झाल्यावर बाकावर शेजारी बसलेली रोसाल्बा माझ्याकडे झुकली. ही बेतानियात कॉफी तोडते, उतारावरच्या खोपटांत राहते.

"बाई, एक बोलू? रागावणार नाही ना?"

"बोल की."

"तुम्ही इथं बसता, लोकांना बरं वाटतं. पण ही जागा माझ्या सासूची. तिचे पाय सुजतात. तुम्ही आल्यापासनं ती उभी असते."

मी मागे वळून पाहिले. म्हातारी खांबाला टेकली होती. पुढे आमचा अख्खा बाक रिकामा होता, गादीसकट.

घरी येऊन मी पास्तोराने दिलेले गुळाचे पाणीही न घेता नोटरीकडे निरोप धाडला.

बातमी फुटायला आमच्याकडे संध्याकाळ पुरते. लेओनीदास दारातूनच बोलत आला.

"ताई, गरिबांना द्यायचंच तर घोंगड्या दे. नाताळात मी देतो की नाही?"

"देतोस. दर वर्षी त्याच माणसांना घोंगड्या लागतात, याचं तुला कधी नवल नाही वाटलं?"

मग त्याने उंटाचा खुलासा काढला. सुईचे नाक म्हणजे म्हणे यरुशलेमची एक लहानशी वेस होती, आणि उंट गुडघे टेकून आरामात जायचा.

"मग टेक गुडघे," मी म्हटले. "पण आधी पाठीवरचं ओझं उतरव."

"थट्टा पुरे. त्यांना जमीन मिळाली तर माझ्या मळ्यात कॉफी कोण तोडणार?"

माझ्या भावाच्या तोंडून इतक्या वर्षांत निघालेले हे पहिले प्रामाणिक वाक्य. म्हणून ते येथे नोंदवले आहे. त्याच्याविषयी माझी माया कमी नाही. लहानपणी गोवरात मी त्याच्या उशाशी बसले आहे. प्रार्थनेला गुडघे टेकायचे माझे मखमली आसन त्याला द्यावे. मखमल नवी आहे, गुडघ्यांना लागणार नाही.

मळ्याची वाटणी मी सुरुवातीला अशी ठरवली होती: खालचा सगळा उतार तिथे राहणाऱ्या बिऱ्हाडांना, आणि वरचा रानाचा तुकडा ओक्तावियोला, म्हणजे तो कोर्टात जाणार नाही. हे सांगायला काल रोसाल्बाला बोलावले. मला वाटले, रडेल. निदान माझा हात तरी धरील.

तिने विचारले, "वरचा तुकडा कुणाला?"

"ओक्तावियोला."

"झरा वरच्या तुकड्यात आहे, बाई."

"आहे."

"मग खाली आम्ही कॉफी धुवायची कशानं? आसवांनी?"

स्वयंपाकघरात पास्तोरा फिसकन हसली. मी चिडले. "अगं, जमीन देतेय तुम्हाला, आणि तू वर—"

"देताय ना? मग नीट द्या."

रात्रभर मी तिच्यावर धुमसत होते. दान दिले की लोक हात चुंबतात. हक्क दिला की पाण्याचे विचारतात. पहाटे माझ्या ध्यानात आले की मला हात चुंबून घ्यायचे होते.

सबब, ओक्तावियोचे कलम रद्द समजावे. बेतानियाचा संपूर्ण मळा, रान, झरा, कॉफी वाळवण्याचे अंगण आणि वाटेचा हक्क यांसह, तिथे राहणाऱ्या सर्व बिऱ्हाडांच्या समाईक नावे व्हावा. तो विकता येणार नाही. लेओनीदासला तर मुळीच नाही. ओक्तावियोला कधी पाणी लागले, तर त्याने खोपटांपाशी जाऊन मागावे. मागणे आमच्या घराण्यात आजवर कोणाला जमलेले नाही, तेव्हा सरावाला त्याने आतापासूनच लागावे.

हे सर्व मला मोठ्याने वाचून दाखवले, मी ऐकले, मला पटले, आणि खाली सही केली.

एलोईसा सुलुआगा

साक्षीदार (यांपैकी कोणालाही या मृत्युपत्राने काही मिळत नाही):
डॉ. रामिरो बेर्नाल, वैद्यकीय व्यवसाय
ओर्तेन्सिया विल्यामिल, शिक्षिका
इग्नासियो मोरा, कबरी खोदणारा

नोटरी: सिल्वेरियो कादाविद
स्थळ: सांता रुफीना
दिनांक: १४ ऑगस्ट १९७४