खालच्याच्या नावे मागची खोली

मी, सोबत जोडलेल्या ओळखपत्रावर ज्याचं नाव आणि फोटो आहे तो, वय वर्षे सदुसष्ट, धंदा टॉवर क्रेन चालवणे (आता निवृत्त), लिहून ठेवतो की हे सांगताना माझं डोकं ठिकाणावर आहे. बिघाड आहे तो हृदयाच्या झडपेत. तसा दाखला सोबत लावला आहे. येत्या शुक्रवारी माझी छाती उघडणार आहेत. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, या वयात शंभरातले नव्वद जण चालत घरी जातात. उरलेल्या दहांबद्दल त्या बोलल्या नाहीत आणि मीही विचारलं नाही. कुणी भरीला घातलं किंवा धाक दाखवला म्हणून मी हे करत नाही. मी सांगतो आहे आणि माझी लेक टाइप करते आहे. आज सोमवार.

१. याआधी मी मृत्युपत्र केलेलं नाही. कुणी दाखवलंच तर ते खोटं समजावं, आणि दाखवणारा बहुधा माझा मेव्हणा असेल.

२. माझा राहता फ्लॅट, तिसरा मजला, दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि मागची लहान खोली, हा मी आणि माझ्या दिवंगत पत्नीने मिळून घेतला. माझ्या पश्चात तो माझ्या एकुलत्या एक लेकीचा, कलम सहामधली अट सोडून. बँकेत जे काही आहे तेही तिचंच. ते लपवण्याइतकं नाही आणि मिरवण्याइतकंही नाही.

३. दुर्बीण नातीला द्यावी. सेफ्टी बेल्ट मात्र कुणालाही देऊ नये. तो दिसायला धडधाकट आहे, पण त्याची मुदत संपून सात वर्षं झाली. लेकीने तो कात्रीने कापून मगच टाकावा, नाहीतर कचऱ्यातून उचलून कुणीतरी कमरेला बांधेल आणि त्याच्या भरवशावर वर चढेल.

४. माझ्या देहाचं काय करायचं ते लेकीने ठरवावं. मी तेव्हा मध्ये बोलणार नाही. भाषणं नकोत. मेव्हण्याला तर बोलायला अजिबात उभं करू नये.

५. मेव्हण्याने माझ्या लग्नात चारचौघांत म्हटलं होतं, "क्रेनवाला म्हणजे काय, उंचावर बसलेला ड्रायव्हर." बेचाळीस वर्षं मी ते गिळलं. त्यांना बाल्कनीतली आरामखुर्ची द्यावी. तिचा कोणता पाय खिळखिळा आहे ते सांगायची गरज नाही.

(लेक म्हणते, हे कलम काढा. काढणार नाही.)

६. फ्लॅटमधली मागची खोली, तिच्यातल्या पलंग-कपाटासह, हयातभर राहण्यासाठी मी खालच्याला देतो. तो असेपर्यंत लेकीने किंवा तिच्या वारसांनी त्याला ती सोडायला सांगू नये आणि भाडंही घेऊ नये.

'खालचा' कोण ते सांगणं भाग आहे, कारण वकील विचारतील. टॉवर क्रेनवर दोन माणसं काम करतात. एक वर केबिनमध्ये बसतो. त्याला खालचं अर्धंअधिक दिसतच नाही. मध्ये भिंती येतात, स्लॅब येतो. दुसरा खाली उभा राहून वॉकीटॉकीवर सांगतो: घे, थांब, डावीकडे, सोड. वरच्याने खालच्याच्या डोळ्यांनी बघायचं, असं हे काम. बावीस वर्षं आम्ही दोघं जोडीने होतो. साइटवर मला 'वरचा' आणि त्याला 'खालचा' एवढंच म्हणत. पगाराच्या दिवशी नाव पुकारलं की आम्ही दोघंही ओ द्यायला विसरायचो.

केबिनमध्ये माणूस दिवसाचे नऊ-दहा तास एकटा असतो. सगळं शहर दिसतं आणि एकाही माणसाचा चेहरा दिसत नाही. जेवणाचा डबा वर, बाकीचं सगळंही वर. माझ्या कानात दिवसभर त्या एकाच माणसाचा आवाज असायचा. पत्नी म्हणायची, "माझ्याशी बोलता त्याच्या दसपट त्याच्याशी बोलता." खरं होतं ते.

आमच्या जोडीच्या सहाव्या वर्षी, एका दुपारी, काही कळायच्या आत वादळ आलं. भोंगा झाला आणि साइट रिकामी झाली. मी अडुसष्ट मीटरवर. त्या वाऱ्यात शिडीवर पाय ठेवणं म्हणजे स्वतःहून उडी मारणं. अशा वेळी क्रेनच्या आडव्या हाताचा ब्रेक सोडून द्यायचा असतो, म्हणजे तो वाऱ्याबरोबर फिरत राहतो. धरून ठेवला तर सगळंच मोडून खाली येतं. हे मी नव्या पोरांना शिकवायचो. आणि त्या दिवशी माझाच हात ब्रेकवरून उठेना.

"ब्रेक सोड," तो म्हणाला.

"सोडला तर फिरेल."

"फिरायलाच सोडायचाय. सोड."

"तू कुठे आहेस?"

"खाली."

"सगळे गेले ना?"

"गेले."

क्रेन पडली असती तर आधी त्याच्यावर पडली असती. त्याला ते माहीत होतं. मुकादम त्याला दोनदा ओढायला आला, दुसऱ्यांदा खालच्याने त्याला ढकलून दिलं, हे मला नंतर कळलं. मी ब्रेक सोडला. क्रेन फिरायला लागली. मला रडू आलं, आणि वॉकीटॉकीचं बटण दाबलेलंच होतं, त्यामुळे ते त्याला ऐकू गेलं. तो थोड्या वेळाने म्हणाला, "तुझ्या घरात शिरलं की डाव्या हाताला काय आहे?"

मी सांगितलं. चपलांचं कपाट. मग? मग आरसा, त्याचा कोपरा तुटलेला. मग? तो एकेक विचारत गेला आणि मी डोळे मिटून सगळ्या घरातून फिरलो. मागच्या खोलीशी आलो.

"तिथे काय आहे?"

"काही नाही. मुलगा होणार होता, त्याच्यासाठी ठेवली होती. तो जन्मला, पण एका दिवसाचाच ठरला."

हे मी कामावर कुणालाही सांगितलेलं नव्हतं. तो मग म्हणाला, "मग मला दे भाड्याने. मला खोली मिळत नाहीये."

चार तास तो बोलत राहिला. वारा पडल्यावर मी उतरलो. तो म्हणाला, "बरं झालं आलास. बॅटरी संपत आली होती."

७. आता ज्यासाठी कलम सहा आहे, ते.

चौदा वर्षांपूर्वी आमच्या क्रेनवरून उचललेल्या लोखंडी प्लेटांचा गठ्ठा एका सुतारावर घसरला आणि त्याचा उजवा हात कोपरापासून गेला. मी गठ्ठा फिरवला तेव्हा खालच्याने खूण दिलेली नव्हती. जेवायची वेळ टळून गेली होती. बावीस वर्षं पुढे काय येणार ते मला पाठ होतं. खूण येणारच आहे असं धरून मी फिरवला.

चौकशीच्या खोलीत तीन साहेब होते. त्यांनी मला विचारलं, "खूण मिळाली होती?" मी म्हणालो, "हो." त्याला विचारलं. तो म्हणाला, "मी दिली नव्हती." आणि त्याने माझ्याकडे बघितलं. मी खिडकीकडे बघत होतो.

त्याला काढून टाकलं. त्या धंद्यात पुन्हा कुणी उभं केलं नाही. तेव्हा पत्नीचं डायलिसिस चालू होतं आणि माझी नोकरी गेली असती तर ते थांबलं असतं, हे कारण मी इतकी वर्षं स्वतःला देत आलो. कारण खोटं नाही. पण त्या खोलीत 'हो' म्हणताना ती माझ्या मनात नव्हती. मी घाबरलो होतो, एवढंच.

पत्नी वारली तेव्हा तो आला होता. उंबऱ्याबाहेर उभा राहिला, लेकीच्या डोक्यावर हात ठेवला आणि निघून गेला. माझ्याकडे बघितलं नाही. आता तो एका गोदामाच्या फाटकावर पहारेकरी आहे आणि तिथल्याच पत्र्याच्या खोलीत राहतो, असं ऐकतो.

हे सगळं माझ्या पश्चात त्याला वाचून दाखवावं आणि मग खोलीची किल्ली द्यावी, अशी माझी इच्छा आहे.

८. वरचं कलम टाइप करून झाल्यावर लेकीने कीबोर्ड बाजूला सारला. जे घडलं ते इथे लिहायला मीच सांगतो आहे.

ती म्हणाली, "बाबा, त्यांची नोकरी तुमच्यामुळे गेली ना?"

"हो."

"सुताराचा हात त्यांच्यामुळे गेला म्हणून आई गेली तोवर मी त्यांना शिव्या घालत होते. तुम्ही ऐकत होतात."

"हो."

"आणि आता तुम्ही मेल्यावर मी त्यांना हे वाचून दाखवायचं? म्हणजे ते तुम्हाला काही बोलूही शकणार नाहीत, तेव्हा?"

मी म्हणालो, खोली देतो आहे ना. ती म्हणाली, "खोलीचं सोडा. त्यांना बोलवा. नाहीतर पुढचं दुसऱ्या कुणाकडून टाइप करून घ्या." आणि आत जाऊन दार लावून घेतलं. ती माझ्याशी अशी कधी बोलली नव्हती. मंगळवारचा अख्खा दिवस आम्ही एका घरात राहून बोललो नाही. संध्याकाळी मी गोदामाच्या ऑफिसात फोन लावला. ज्याने उचलला त्याला म्हटलं, फाटकावरच्या माणसाला सांगा, वरच्याने बोलावलंय.

९. हे कलम बुधवारचं आहे.

तो साडेनऊला आला. केस सगळे पांढरे झालेत, डावा पाय ओढतो. तीन जिने चढून धापा टाकत होता, मी बसल्या बसल्या धापा टाकत होतो. वकीलबाई आलेल्या होत्या. त्यांना वाटलं आम्ही दोघंही पेशंट आहोत. लेकीने खुर्ची दिली आणि कलम एकपासून वाचायला लागली. आरामखुर्चीवर तो हसला नाही. वादळावर त्याने मान खाली घातली. कलम सातशी लेक आली तेव्हा मी कागद तिच्या हातून घेतला आणि ते माझं मी वाचलं.

वाचून झाल्यावर मी कागद टेबलावर ठेवला. छातीत माझं काय चाललं होतं ते मला ऐकू येत होतं.

शेवटी तो म्हणाला, "मला माहीतच होतं की हे. मला कशाला वाचून दाखवतोस?"

मी म्हणालो, "माफी..."

"थांब." अगदी तोच आवाज. मी थांबलो. "सुताराला सांगितलंस?"

"नाही."

"मी त्याच्या घरी तीनदा गेलो. तिन्ही वेळा त्याच्या बायकोने दार लावलं. नंबर आहे माझ्याकडे. लाव."

वकीलबाई म्हणाल्या, "जरा विचार करा. याचे परिणाम होऊ शकतात." लेकीने फोन माझ्यापुढे सरकवला. मी नंबर लावला. माझं बोट दोनदा चुकलं. पलीकडे सुतारच होता. मी कोण ते सांगितलं. मग सांगितलं की त्या दिवशी खूण नव्हती, मी आपल्या मनाने फिरवलं, खालच्याची काही चूक नव्हती.

बराच वेळ पलीकडे कुठेतरी नळ वाहत होता.

"खूण नव्हती," तो म्हणाला.

"नव्हती."

"तो आहे का तिथे?"

मी फोन खालच्याला दिला. त्याने ऐकून घेतलं. "हं," म्हणाला. पुन्हा "हं." मग म्हणाला, "नाही, मला राग नाही तुमचा." आणि फोन ठेवला. सुतार त्याला काय म्हणाला ते त्याने सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. चौकशीतलं माझं म्हणणं खोटं होतं, असं वेगळं पत्र वकीलबाईंनी लगेच तयार केलं. त्यावर मी सही केली आहे. ते आजच कंपनीकडे जाईल. त्याचं जे व्हायचं ते मी हयात असताना होऊ दे.

मी त्याला विचारलं, "मला माफ करशील?"

तो म्हणाला, "ते आज सांगता यायचं नाही. चौदा वर्षं आहेत ती."

१०. सह्यांची वेळ आली. साक्षीदार दोन लागतात. तळमजल्यावर औषधांचं दुकान चालवणाऱ्या बाई वर आल्या होत्या. दुसरा साक्षीदार म्हणून वकीलबाई आपल्या कारकुनाला फोन करायला निघाल्या, तर खालचा म्हणाला, "मी करतो सही."

वकीलबाई म्हणाल्या, "तुम्हाला चालणार नाही. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळत असेल तर ते रद्द धरलं जाईल. तुमची खोली जाईल."

"कळलं," तो म्हणाला. "पेन द्या."

मी म्हणालो, "अरे, त्या पत्र्याच्या खोलीत राहतोस तू."

"तू मेल्यावर त्या खोलीत एकटा बसून मी काय करू? भिंतींशी बोलू?" तो लेकीकडे वळला. "घर तुझं आहे, बाई. मी येत जाईन. दार उघडलंस तर आत येईन."

लेक म्हणाली, "काका, उघडेन."

कलम सहा मी खोडलेलं नाही. खालच्याच्या सहीमुळे त्याचा अंमल होणार नाही, हे मला नीट समजावून सांगितलं आहे आणि मला ते मान्य आहे. ते कागदावर असू द्यावं. लेक हीच या मृत्युपत्राची व्यवस्था पाहील.

वरील सर्व मी ऐकलं, ते माझ्या सांगण्याप्रमाणेच आहे, आणि प्रत्येक पानावर मी साक्षीदारांसमोर सही केली आहे.

ठिकाण: माझ्या राहत्या घरी, स्वयंपाकघरातलं टेबल.
दिनांक: ११ मार्च, बुधवार, दुपारी पाऊण वाजता.

लिहून देणार: (सही) वरचा, ओळखपत्राप्रमाणे

साक्षीदार पहिली: (सही) तळमजल्यावरच्या औषध दुकानाची मालकीण. सदर गृहस्थांना मी एकोणीस वर्षं ओळखते. सही करताना ते पूर्ण शुद्धीत होते.

साक्षीदार दुसरा: (सही) खालचा, पहारेकरी. याने माझ्यासमोर सही केली, मी याच्यासमोर केली. याला मी छत्तीस वर्षं ओळखतो. सही करताना हा शुद्धीत होता. उद्या सकाळी सहाला याला दवाखान्यात भरती करायला मी घेऊन जाणार आहे. कामावर रजा टाकली आहे.