दुसरा वेटर

५ जानेवारी २०२५

आधी माफी मागते. मागचं पान जूनमधलं आहे, तेही अर्ध्यावर सोडलेलं. वेळ नव्हता असं लिहिणार होते, पण ते खोटं आहे. वेळ होता. आज खरं काय केलं, हे स्वतःला विचारायची भीती वाटायची, इतकंच. दिवसभर क्लिनिकमध्ये वाचा गेलेल्या लोकांना बोलतं करायचं आणि घरी येऊन स्वतःशी अबोला!

नवीन पेशंट मिळाला आहे. घरी जाऊन बघायचं — अल हिलालला. वॉल्टर टिब्ले, चौऱ्याऐंशी वर्षांचे, इंग्रज. गेल्या उन्हाळ्यात तिकडे इंग्लंडमध्ये पक्षाघाताचा झटका आला. उजवा हात गेला आणि शब्द गेले. समजतं बरंच. किती, ते कुणालाच सांगता येत नाही. तिकडे कुणी नाही म्हणून मुलाने इथे आखातात आणलं. मुलगा मार्टिन, गॅस कंपनीत इंजिनियर.

मार्टिन दारातच म्हणाला, "माझे वडील साठेक कॉमेडी सिनेमांत आहेत आणि तुम्ही त्यांचं नाव ऐकलेलं नाही. कुणीच ऐकलेलं नाही." सवयीचं वाक्य असावं. पाठ झालेलं.

म्हातारबाबा टाय लावून बसले होते. टाय रोज नूरी बांधते. नूरी त्यांची नर्स, रत्नागिरीची. मी मराठी म्हटल्यावर चेहरा उजळला तिचा! "ताई, हा बाबा बोलत नाय, पण घरात सगळ्यांत जास्त धाक ह्याचाच. नुसती भुवई वर करतो."

तासभरात एकच शब्द — "येस." चहा हवा? येस. नको? येस. तुमचं नाव मार्टिन? येस.

८ जानेवारी

मार्टिनने वडिलांच्या कामाचे तुकडे एकत्र करून ठेवलेत. जेवताना तिघांनी बघितले — मी, नवरा देवव्रत आणि लेक चैत्राली. वेटर, बटलर, पोलीस, पाद्री, हॉटेलचा कारकून, परत वेटर. एकाही भूमिकेला नाव नाही. शेवटी पाट्या येतात त्यात 'दुसरा वेटर', 'दारातला माणूस'. तरुणपणी म्हाताऱ्यांची कामं, म्हातारपणी त्याहून म्हाताऱ्यांची.

मार्टिन सांगत होता — एका दिवसाचं काम असायचं. बूट स्वतःचे न्यायचे. नायकाला खपेल इतकंच मजेशीर व्हायचं, त्यापुढे गेलं की कात्री. मग तसले सिनेमेच निघेनासे झाले. बटलर कुणाला नको होते. फोन यायचे थांबले, तरी वडील फोनजवळच बसून पेपर वाचायचे.

एक तुकडा चैत्रालीने पुन्हा पुन्हा लावला. गिऱ्हाईक विचारतं, मासा ताजा आहे का? वॉल्टर आधी गिऱ्हाइकाकडे बघतात. मग माशाकडे. मग स्वयंपाकघराच्या दाराकडे. इतका वेळ, की वाटतं वाक्य विसरला हा! आणि मग अगदी अदबीने — "इट वॉज, सर." होता, साहेब.

"बट ही'ज नॉट डूइंग एनीथिंग!" चैत्राली खुर्चीवरून पडायची बाकी होती. देवव्रत म्हणाला, "हा तर आपल्या नाटकातला रामा गडी. दार उघडतो, बोलणी खातो, टाळी घेऊन जातो."

मीही हसले. पण ते मधलं थांबणं मला सहन होईना. जीभ शिवशिवत होती — वाक्य द्यायला!

१४ जानेवारी

संक्रांत. तिळगूळ नेला. देताना तोंडातून सवयीने निघून गेलं — गोड बोला. आणि जीभ चावली. ज्याला बोलताच येत नाही त्याला!

नूरी म्हणाली, "गोड ऱ्हाऊ दे ताई, चार शिव्या दिलान ना तरी मी पेढे वाटीन." वॉल्टरना काय कळलं देव जाणे. तिळाचा लाडू त्यांनी डाव्या हातात धरला, माझ्याकडे बघितलं, लाडवाकडे बघितलं आणि दाताला हात लावला. नूरी पोट धरून हसली. मी वहीत लिहिलं, 'हावभाव चांगले.' घरी आल्यावर वाटलं, हसायला काय झालं होतं मला?

१७ जानेवारी

शुक्रवार, तालीम. इथल्या मराठी मंडळाचं नाटक सात फेब्रुवारीला. मी नेहमीप्रमाणे विंगेत, प्रॉम्प्टर. प्रताप, आमचा नायक, ऑफिसच्या मीटिंगा करून येतो आणि दुसरा अंक विमानतळावर विसरून येतो! आज तीनदा अडकला, तिन्ही वेळा मी पुढचा शब्द दिला. इतका हळू, की पहिल्या रांगेतही कळू नये. म्हणतो, "नीलांबरी विंगेत आहे ना? मग मी रेल्वेचं टाइमटेबलही पाठ म्हणतो."

मला हे आवडतं. लिहूनच टाकते — फार आवडतं. मी बसले असताना स्टेजवर कुणी उघडं पडलेलं नाही. क्लिनिकमध्ये तरी दुसरं काय करते? पेशंट अडला की पहिला आवाज द्यायचा — 'च…' — आणि त्याने पुरा करायचा, चहा.

हा चांगुलपणा की हाव? माणूस अडला की तिथे मीच असले पाहिजे, ही हाव?

२२ जानेवारी

आज मार्टिनने बसवून घेतलं. त्याचं इथलं काम मार्चमध्ये संपतंय. पुढची नोकरी समुद्रातल्या प्लॅटफॉर्मवर, तिथे वडिलांना नेता येत नाही. तेव्हा इंग्लंड. तिथे म्हाताऱ्या नटांचं एक घर आहे. संध्याकाळी एकत्र जेवतात, एकमेकांचे जुने किस्से खोटे ठरवतात. वॉल्टरचा एक दोस्त तिथे आहे. अनेक सिनेमांत हे दुसरे वेटर असताना तो पहिला वेटर होता!

एक खोली रिकामी होतेय. अट एकच. आपल्याला काय हवं ते माणसाला स्वतः सांगता आलं पाहिजे, थोड्या शब्दांत का होईना. तीन फेब्रुवारीला व्हिडिओवर मुलाखत. नाही जमलं तर साधं नर्सिंग होम, आजारी म्हाताऱ्यांचं. मार्टिनने बघितलंय ते. "टीव्हीकडे तोंड करून ओळीत खुर्च्या," म्हणाला, आणि चष्मा पुसत राहिला.

वॉल्टर सगळं ऐकत होते. पहिला वेटर म्हटल्यावर त्यांची भुवई वर गेली. पहिल्यांदाच दिसलं मला — ह्या माणसाला काहीतरी हवं आहे.

२९ जानेवारी

रोज जातेय. 'टी', 'नो', 'कोल्ड', 'विंडो'. एकदा 'ब्लडी' — नूरीला सांगितलं, तिने खरंच पेढे आणले! पण बहुतेक शब्द मी पहिला आवाज दिल्यावरच निघतात. नुसतं विचारलं तर बघत बसतात. मी थोडं थांबते, मग देते. दिला की निघतो. मार्टिन खूष. मी नाही. निघालेला शब्द त्यांचा किती आणि माझा किती?

३ फेब्रुवारी

झालं.

मुलाखत घेणाऱ्या बाई चांगल्या होत्या, मऊ आवाजाच्या. वॉल्टर निळा टाय लावून तयार. बाजूला मार्टिन, दुसऱ्या बाजूला मी, दारात नूरी ओठ हलवत — दुवा मागत असणार. बाईंनी विचारलं, "वॉल्टर, तुम्हाला आमच्याकडे राहायला आवडेल का?"

ते बाईंकडे बघत राहिले. मग मार्टिनकडे. मग दाराकडे. बाई थांबल्या होत्या, मार्टिनच्या कपाळावर घाम. मला राहवेना. मी हळूच दिला — 'य…'

"येस," वॉल्टर म्हणाले. पडलेला आवाज.

पुढचा प्रश्न, तेच. त्याच्या पुढचा, तेच. प्रत्येक वेळी मी. अगदी हळू, पण माइकला विंग नसते. बाई शेवटी म्हणाल्या, "प्रत्येक वेळी त्यांना असं सुचवावं लागतं का?" मी हो म्हणाले. खरं तेच सांगायचं ना!

वॉल्टरनी माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. स्टेजवर प्रताप कधीतरी बघतो, तसं काहीतरी. मला अर्थ लागला नाही.

५ फेब्रुवारी

नकार आला. 'सुचवल्याशिवाय स्वतःहून सांगू शकत नाहीत.' मार्टिन मलाच म्हणाला, "तुम्ही शक्य होतं ते सगळं केलंत." त्याने रागवायला हवं होतं.

नूरीचा फोन आला. "ताई, बाबांनी आज चहा पण नाय घेतलान. टाय पण नको म्हणाला."

"म्हणाला? कसा?"

"काढून फेकलान."

८ फेब्रुवारी

काल नाटक झालं. दुसऱ्या अंकात प्रताप सासऱ्यासमोर उभा, सासरा विचारतो, "पगार किती?" प्रताप गप्प. सासऱ्याकडे बघतो, बायकोकडे बघतो. माझ्या हातात पुस्तक, त्याच्या तोंडात वाक्य नाही. मी दिलं. नको तेवढं मोठ्याने. पहिल्या चार रांगांनी ऐकलं. हशा आला, पण त्याच्यावर!

मेकअपच्या खोलीत प्रताप टॉवेल घेऊन माझ्यासमोर उभा राहिला. "पॉज होता तो, नीलांबरी! पॉज! आयुष्यात पहिल्यांदा वाक्य पाठ करून आलो, घरी आरशासमोर घेतला होता तो पॉज. आणि तू खाल्लास!"

सगळे हसले. मीही हसले.

आज सकाळी मासा परत लावला. गिऱ्हाईक. मासा. दार. मग वाक्य. आणि सोमवारी, मुलाखतीत? बाई. मार्टिन. दार. आणि मग — मी.

पॉज होता का तो? की शब्दच नव्हता? आजाराला लागणारा वेळ आणि नटाने घेतलेला वेळ, बाहेरून दोन्ही सारखेच दिसतात. वीस वर्षं हेच काम करतेय आणि मला सांगता येत नाही.

देवव्रत म्हणतो, "तू उगाच अपराध शोधतेस. म्हातारा आजारी आहे, खलास." असेलही. पण जन्मभर त्या माणसाला एकच गोष्ट येत होती, वाक्याआधी थांबणं. आणि मी त्याचा उपचार करत होते!

११ फेब्रुवारी

दोन दिवस आवाज दिला नाही. विचारते आणि जीभ दातांखाली धरून बसते. दिवसाचे प्रश्न दहा असतील. एकालाही उत्तर नाही. बघतात, मग मान वळवतात. नूरी घुसमटून म्हणाली, "द्या ना ताई काहीतरी, मलाच गुदमरायला होतंय!"

म्हणजे शब्द नव्हताच. पॉज नव्हता तो. मी काही मोडलं नाही.

परत येताना टॅक्सीत हलकं वाटलं. अल सद्दच्या सिग्नलला लक्षात आलं, कशाने हलकं वाटतंय ते. एक माणूस आतून पुरता रिकामा निघाला, म्हणून मला बरं वाटलं! काय बाई आहे मी.

नर्सिंग होम ठरलं. महिनाअखेरीची तिकिटं. नटांच्या घरातली खोली दुसऱ्या कुणाला द्यायचं चाललंय म्हणे.

१३ फेब्रुवारी

आज टाय होता. स्वतःच मागितला, नूरी म्हणाली, बोट दाखवून. मी शिकवायचं काही काढलं नाही. चहा झाला. मग विचारू नये ते विचारलं — "वॉल्टर, तुम्हाला तिथे जायचंय का? त्या मित्रांच्या घरी?"

माझ्याकडे बघितलं. कपाकडे बघितलं. दाराकडे बघितलं. मी श्वाससुद्धा घेतला नाही. नूरी दारात गोठलेली. किती वेळ गेला कोण जाणे.

"आय डिड, मॅडम."

जायचं होतं, बाईसाहेब. अगदी अदबीने. आणि मग भुवई वर करून माझ्या तोंडाकडे बघत राहिले, हशा येतोय का ते.

उद्या: मुलाखतीच्या त्या बाईंना फोन करून सांगायचं, मध्ये मी बोलले.