विहिरीवरचे एक्केचाळीस सेकंद

३ जून १९८२, नांदेड
मुंबईहून आले. आठ वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांत सहायक म्हणून फिल्म जोडली. आता पहिल्यांदाच पडद्यावर येणार — संकलन : पंचशीला सोनकांबळे! रेणुकादास सरांचा माहितीपट. लातूर नवा जिल्हा होतोय, पंधरा ऑगस्टला तिथंच दाखवायचा. बहात्तरच्या दुष्काळात सरांनी गावोगाव फिरून चित्रण केलं होतं, ती अकरा रिळं दहा वर्षं पेटीत पडून. गोदावरीकाठी खोली मिळालीय. हातानं फिरवायचं यंत्र, काचेवर पोस्टकार्डाएवढं चित्र.

५ जून
दिवसभर पाहिलं. आवाज नाही. धूळ, बैल, खडी फोडणारे हात. खिडकीतलं ऊन काचेवर पडतं. आजचं कुठलं, बहात्तरचं कुठलं, कळेनासं होतं. दुपारी डोळा लागला तर स्वप्नातही माणसं चालतच होती.

६ जून
एक रीळ उगाच उलटं फिरवलं. सांडलेलं पाणी उठून घागरीत गेलं. पडलेला बैल उभा राहिला. बाया पाठमोऱ्या चालत आपापल्या घरात शिरल्या, दारं लागली. तीनदा फिरवलं. मग सरळ फिरवावंच लागलं.

९ जून
जळकोटजवळच्या गावातला शॉट. बाकीच्या बाया विहिरीतून शेंदून नेताहेत. एकजण लांब, रिकामी घागर घेऊन उभी — कुणी वरून ओतेल म्हणून. दोराला हात लावायची सोय नाही. आपल्यातलीच, ते कुणी सांगावं लागलं नाही. माझी आई अशीच उभी राहायची. शेवटी ती सरळ माझ्याकडं बघते. एक्केचाळीस सेकंद. सगळे ठेवले.

१२ जून
सर म्हणाले, "हा काढ. आनंदाचा दिवस आहे, पाहुणे येणार. त्यात हे कशाला?"
"तुम्हीच घेतलाय ना सर?"
त्यांनी शॉट पुन्हा फिरवून पाहिला. मग — "तेव्हा पंचवीस वर्षांचा होतो."
काढला. पंचवीस फूट फिल्म खिळ्याला टांगलीय. पंख्याच्या वाऱ्यानं हलते.

१५ जून
तिला कुणी विचारलं होतं का — तेव्हा घेताना, आता काढताना? शॉटमधलं एक चित्र इथल्या वजिराबादच्या फोटो स्टुडिओतून मोठं करून घेतलं. एसटीनं जळकोट, पुढं पायी. बुद्धविहारापाशी फोटो दाखवला, लोकांनी सरजाबाईचं घर दाखवलं. साठीची असेल. तिनं फोटो डोळ्यांशी नेला. पदरानं पुसला, पुन्हा बघितला.
"मावशी, तुम्हीच का ह्या?"
"हाव. मीच हाय."
"सिनेमात ठेवू? लोक बघतील."
"किती येळ दिसंल?"
"पाऊण मिनिट."
"बास? लई येळ हुबं ऱ्हावं लागायचं गं! ठेव. काही कमी करू नको."

१७ जून
परत जोडला. सरांना सांगून टाकलं.
"कुणी विचारलं तर मी तुझ्याकडं बोट दाखवीन."
"दाखवा."
"तुला पुन्हा काम मिळायचं नाही, पंचशीला."
जोड ओढून पाहिला. पक्का बसलाय.

२ ऑगस्ट
मुंबईच्या लॅबमधून प्रिंट आली. शॉट आहे!

१५ ऑगस्ट, लातूर
झेंडे, फेटे, पेढे. सरजाबाईला सकाळीच एसटीनं आणलं, शेजारी बसवलं. विहीर आली आणि खुर्च्यांची करकर थांबली. पुढच्या रांगेतले दोघं उठून गेले. मागून कुणीतरी हळूच — "आमच्या गावची हाय ती." पांढऱ्या पडद्यावर ती केवढी मोठी दिसली! मला वाटलं, सगळं सभागृहच रिकामी घागर घेऊन उभंय.
नंतर एका पाहुण्यानं सरांना विचारलं, "हे कुणी ठेवलं?"
सरांनी माझ्याकडं पाहिलं. म्हणाले, "मी."

१६ ऑगस्ट
सरजाबाईला गावी सोडलं. दारात माझा हात धरून म्हणाली, "ती मी न्हाई. माझी धाकली भैन, साखरा. त्याच उन्हाळ्यात गेली. मेली म्हणून सांगितलं असतं तर तू तिला सिनेमातून काढलं असतंस. काल दहा वर्सांनी हलताना बघितली."